वासाचं देणं

संत्र्याचा बगीचा बहारावर विकत घ्यायला आलेला व्यापारी आधी झाडं मोजतो, मग फळांचा अदमास घेतो आणि मालकाशी भावाची घासाघीस सुरू करतो. आबाजींची रीत वेगळी होती. ते धुऱ्यावर चपला काढत, बगीच्याच्या मधोमध जाऊन उभे राहत आणि डोळे मिटून नाक भरून श्वास घेत. मालक शेजारी उभा असला तरी बोलत नसत. मग एखाद्या झाडाखाली वाकून आतल्या फांदीचं, सावलीतलं एक फळ तोडत आणि उन्हाच्या बाजूचं दुसरं. अंगठ्याच्या नखानं सालीवर एकच ओरखडा काढून ते फळ माझ्या नाकाजवळ धरत आणि म्हणत, "आधी नाकानं खाय पोरी, मंग तोंडानं."

ते आमच्या नात्यातले नव्हते. सावरगावात आमच्या घरापासून थोडं पुढे राहत. एका संत्रा व्यापाऱ्यासाठी बगीचे पाहून देणं हे त्यांचं काम. कुठल्या बगीच्याला किती द्यायचे, कुठला घ्यायचाच नाही, हे व्यापारी त्यांच्या शब्दावर ठरवायचा. दिवाळीच्या सुट्ट्यांत आंबिया बहार तोडणीला आलेला असे. आबाजींची नात माझ्या वर्गात होती. तिला बगीच्यात फिरायचा कंटाळा आणि मला भारी हौस. म्हणून ते मला सोबत नेत. माझ्या वडिलांनी त्यांना कधी काही दिलं नाही, त्यांनीही कधी मागितलं नाही.

आमच्या भागाबद्दल थोडं सांगायला हवं, कारण बाहेरच्या लोकांना सावरगाव कळतं ते फक्त गोटमारीमुळे. जाम नदीच्या एका काठावर आम्ही, दुसऱ्या काठावर पांढुर्णा. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नदीच्या पात्रात पळसाचं झाड रोवून त्यावर झेंडा बांधतात आणि दोन्ही काठांवरून दगड चालतात. दरवर्षी त्याच्या बातम्या येतात, डोकी फुटलेल्यांचे फोटो येतात. पण वर्षाचे उरलेले सगळे दिवस हा मुलूख संत्र्याचा आहे. पांढुर्णा आणि सौंसर या दोन्ही तहसिलींत वावरंच्या वावरं संत्र्याची. 1956 साली राज्यांची फेररचना झाली तेव्हा नागपूर दुसऱ्या राज्यात गेलं आणि छिंदवाड्यासोबत आम्ही मध्य प्रदेशात राहिलो. 2023 मध्ये पांढुर्णा स्वतंत्र जिल्हा झाला. कचेरीत हिंदी, घरात मराठी आणि माल नागपूरच्या बाजारात, असं आमचं जगणं आहे. नागपुरी संत्रा म्हणून जे देशभर जातं त्यात आमच्या काठावरचा माल किती असतो हे खाणाऱ्याला कळायचं काही कारण नाही.

आबाजींनी मला जे शिकवलं त्याला त्यांनी शिकवणं म्हटलं नसतं. ते आपलं काम करत आणि मी मध्ये मध्ये येई. पण आज आठवते तेव्हा त्यात केवढी शिस्त होती ते कळतं. एका झाडाचं फळ चाखून झालं की लगेच दुसऱ्याचं चाखायचं नाही. धोतराच्या सोग्यात बांधून आणलेल्या भाकरीचा एक तुकडा चावायचा, पाण्याची गुळणी करायची, थोडं चालायचं. फोड तोंडात टाकून गिळायची नाही. आधी तिचा पापुद्रा दातानं सोलायचा, रस जिभेवर पसरू द्यायचा आणि तोंड मिटून नाकानं श्वास बाहेर सोडायचा. "आता जे कळलं ते खरं," असं ते सांगत. तोडणीच्या तोंडावर कुणी भरपूर पाणी सोडून फळ फुगवलं असेल तर ते त्यांना पहिल्या फोडीत कळे. झाड आजारी असेल तर फळं आधी पिवळी पडतात, ती दिसायला छान असतात, पण सालीचा वास दमदार नसतो. डिंक्या लागलेल्या झाडाच्या बुंध्याशी ते मला कधी बसू देत नसत. आजारी माणसाजवळ गडबड करू नये, तसंच हे, म्हणायचे.

पानांचा धडा मला सगळ्यांत आवडायचा. संत्र्याचं कलम जंबेरीच्या खुंटावर डोळा भरून करतात. लक्ष नाही दिलं तर डोळ्याच्या खालून खुंटाचीच फूट निघते, ती जोमानं वाढते आणि वरचं संत्रं मरतं. कोवळी असताना दोन्ही पानं सारखीच दिसतात. आबाजी माझ्या डोळ्यांवर त्यांचा गमछा बांधत आणि दोन पानं चुरगाळून एकामागून एक नाकाशी आणत. जंबेरीचं पान लिंबाच्या वळणाचं, तिखट, नाकात शिरणारं. संत्र्याचं पान त्याहून गोल, मऊ, थोडं गोड. मला ओळखता येऊ लागलं त्या दिवशी त्यांनी शाबासकी दिली नाही. फक्त गमछा सोडला आणि म्हणाले, "चाल, आता खुंटाच्या फुटी काढ." त्या सकाळी मी एका अख्ख्या ओळीच्या फुटी काढल्या. बगीचा दुसऱ्याचा, व्यापारी तिसरा, आणि त्या कामाचे पैसे आबाजींना कुणी देणार नव्हतं. तरी ते थांबले.

मी शिक्षिका झाले. आबाजी गेले तेव्हा मी सौंसरकडच्या एका गावात नोकरीला होते, मला दोन दिवसांनी कळलं. त्यांनी मला काही दिलं आहे असं तेव्हा मला वाटत नव्हतं. डोळे, कान, नाक ही तर जन्मताच मिळतात, त्यासाठी कुणाचं आभारी का व्हायचं, अशीच माझी समजूत असणार.

2021 च्या एप्रिलमध्ये आमच्या घरात सगळेच कोरोनानं आजारी पडले. त्या महिन्यात काय होतं ते सांगायला नको, प्रत्येक घराला आपलं आपलं आठवतं. आम्ही सगळे वाचलो. मी बरी होऊन स्वयंपाकघरात आले, कढईत फोडणी टाकली, आणि मोहरी तडतडली तरी वास आला नाही. हिंगाची डबी उघडून नाकाशी धरली, तरी काही नाही. सून हसत म्हणाली, येईल हळूहळू, सगळ्यांचं तसंच झालंय. तिचा आला, तिच्या नवऱ्याचा आला. माझा आला नाही.

वास जाणं म्हणजे काय ते दुसऱ्याला समजावणं फार कठीण. जीभ शाबूत असते. गोड, आंबट, खारट, कडू कळतं. पण वांगं, दोडका आणि भोपळा यांत फरक राहत नाही. दूध नासलं आहे की नाही ते सुनेला विचारावं लागतं. गॅस चालू राहिला तर कळणार नाही, या भीतीनं रात्री उठून शेगडीचं बटण तपासायचं. नातवाला जवळ घेतलं तर त्याच्या डोक्याचा वास नाही. त्या वर्षी संत्रा आला, मी आबाजींसारखा नखानं ओरखडा काढला, सालीतून तेल उडून डोळ्यात गेलं, डोळ्याला झोंबलं. नाकाला काही कळलं नाही.

मग काही महिन्यांनी वास परतायला लागला, पण उलटा. भाजलेला कांदा सडक्या मांसासारखा. कॉफी, शेंगदाणे, लसूण, सगळ्यांना एकच घाण येऊ लागली, ज्याचं नाव सांगता येणार नाही अशी. मुलगी बेल्जियममधल्या ल्युव्हेनला संशोधन करते. तिनं कौतुकानं पाठवलेला चॉकलेटचा डबा मी उघडला आणि मागच्या अंगणात जाऊन ओकले. नागपूरच्या कान-नाक-घशाच्या डॉक्टरांनी समजावलं की हे बरं होण्याचंच लक्षण आहे. वासाच्या पेशी पुन्हा वाढतात, पण त्यांचे धागे सुरुवातीला जागा चुकतात, अर्धेच जोडले जातात. नेमके भाजलेल्या पदार्थांतले काही रेणू, ज्यांचा वास अत्यल्प प्रमाणातही उग्र असतो, तेच आधी पकडले जातात आणि त्यांना सोबत करणारे बाकीचे वास मागे राहतात. इंग्लंडमधल्या रीडिंग विद्यापीठाच्या संशोधकांनी कॉफीतल्या अशा रेणूंचा छडा लावला आहे. कोको भाजूनच चॉकलेट होतं, म्हणून तेही त्याच यादीत. डॉक्टरांनी जर्मनीतल्या ड्रेस्डेनच्या थॉमस हमेल यांनी 2009 मध्ये मांडलेली सराव-पद्धत लिहून दिली. गुलाब, लिंबू, लवंग आणि निलगिरी. सकाळ-संध्याकाळ चारही बाटल्या एकेक करून हुंगायच्या आणि हुंगताना त्या वासाची आठवण मनात आणायची. मी ते निष्ठेनं केलं. लिंबू तेवढं थोडं थोडं कळू लागलं. आठवण आणण्याचं काम मला सोपं गेलं, कारण लिंबाची आठवण माझ्याकडे गमछ्याखालची होती.

2022 च्या ऑक्टोबरमध्ये मी मुलीकडे गेले. तिला माझ्या नाकाची हकीकत माहीत होती, पण फोनवर माणूस "बरंय, बरंय" म्हणतो, तेवढीच. तिनं मला आनंद व्हावा म्हणून ब्रुसेल्समध्ये चॉकलेट चाखत फिरायची एक पदयात्रा आधीच ठरवून ठेवली होती. वाटाड्या सोबत असतो, जुन्या शहरात पायी फिरवतो, दुकानादुकानांतून एकेक चॉकलेट चाखवतो. मी नाही म्हणू शकले नाही. ल्युव्हेनहून आगगाडीनं अर्ध्या तासात ब्रुसेल्स येतं.

ग्राँ प्लासच्या दगडी चौकात आमची टोळी जमली. वाटाडी बाई पन्नाशीच्या, काळ्या वर्णाच्या, केस आखूड कापलेले, पायात मजबूत बूट. त्यांचं नाव मी इथे देत नाही. त्या खासगी माणूस आहेत, आणि मी त्यांना विचारलेलं नाही. इंग्रजी सावकाश बोलत, माझी लेक मला मराठीत सांगत होती. चालायच्या आधी त्यांनी सगळ्यांना पाण्याची बाटली आणि साध्या पावाचा तुकडा दिला. एका चॉकलेटहून दुसऱ्याकडे जाताना पाव चावायचा आणि पाणी प्यायचं. चॉकलेट तोडताना कान द्यायचा, खणखणीत मोडलं पाहिजे. बोटानं चोळून ऊब द्यायची आणि नाकाशी धरायचं. तोंडात टाकल्यावर चावायचं नाही, जिभेवर वितळू द्यायचं. कोकोचं लोणी साधारण 34 अंशांना वितळतं, माणसाच्या अंगाच्या उष्णतेहून जरा खाली. म्हणून ते हातात टिकतं आणि तोंडात जातं. आणि मग ओठ मिटून नाकानं श्वास सोडायचा.

लेक भाषांतर करत होती, पण मला ते ऐकायची गरज नव्हती. धोतराच्या सोग्यातली भाकर मला समोर दिसत होती.

पहिला मुक्काम गॅलरी रॉयाल सँ-ह्युबेर. 1847 मध्ये उघडलेला काचेच्या छताचा देखणा बाजार. तिथं नॉयहाउसचं जुनं दुकान आहे. 1857 मध्ये झाँ नॉयहाउस यांनी ते काढलं तेव्हा ते औषधाचं दुकान होतं, कडू औषधं चॉकलेटात बुडवून देत. त्यांच्याच नावाच्या नातवानं 1912 मध्ये औषधाच्या जागी मऊ सारण घातलं आणि बेल्जियमची प्रालीन जन्मली. 1915 मध्ये त्याच्या बायकोनं, लुईझ अगोस्तिनी यांनी, ती दबू नये म्हणून पुठ्ठ्याचा डबा काढला, तो आजही वापरात आहे. बाई हे सांगत असताना दुकानातला वास माझ्यापर्यंत पोचला. सगळ्यांचे चेहरे उजळले होते. मी पदर नाकाशी धरला आणि बाहेर येऊन खांबाला टेकून उभी राहिले.

बाई लगेच आल्या नाहीत. टोळीला त्यांनी चाखायला दिलं, दोन मिनिटं बोलल्या, मग दारात येऊन माझ्या शेजारी उभ्या राहिल्या. काय होतंय असं विचारलं नाही. "कधीपासून?" एवढंच विचारलं. लेकीनं सांगितलं. त्यांनी मान हलवली. साथीनंतर पदयात्रा पुन्हा सुरू झाल्या तेव्हापासून असे लोक येतात, म्हणाल्या. काही जण लाजून सांगत नाहीत, गोड लागलं म्हणतात. मग त्यांनी मला विचारलं, लहानपणचा कुठला वास तुम्हाला डोळे मिटून ओळखता येईल?

मी संत्रा म्हणाले. आणि मग थांबताच आलं नाही. आबाजी, बगीचा, सालीवरचा ओरखडा, जंबेरीचं पान, गमछा. लेकीला यातलं पुष्कळसं माहीत नव्हतं, ती भाषांतर करता करता माझ्याकडे बघत होती. बाकीची टोळी दुकानात होती. बाई ऐकत होत्या आणि मध्ये फक्त एक प्रश्न विचारला, चाखल्यावर श्वास नाकानं सोडायला त्यांना कुणी शिकवलं होतं? मला ठाऊक नव्हतं. त्यांच्या बापानं असेल.

तिथून पुढे त्यांनी माझ्यासाठी यात्रा बदलली, टोळीला कळू न देता. दुसऱ्या दुकानात सगळ्यांना काळं चॉकलेट दिलं आणि मला पांढऱ्याचा एक तुकडा. पांढऱ्यात कोकोचं लोणी, दूध आणि साखर असते, भाजलेल्या बियांचा काळा गर नसतो. त्यामुळे मला छळणारे रेणू त्यात जवळपास नसतात. मी तो भीत भीत जिभेवर ठेवला. दुधाचा वास आला. दुधाचा, तापवलेल्या दुधाचा. कितीतरी महिन्यांत मला भाजलेल्या घाणीशिवाय आणि लिंबाशिवाय काही आलं नव्हतं. मी लेकीचा हात धरला.

साब्लाँच्या चौकाकडे चढ चढत जाताना बाई कोकोबद्दल सांगत होत्या, आणि ते मी लक्ष देऊन ऐकलं. कोकोचं फळ फोडलं की आत पांढऱ्या आंबटगोड गरात बिया असतात. त्या तशाच वाळवल्या तर कितीही भाजा, चॉकलेटचा वास येणार नाही. त्यांचा ढीग केळीच्या पानांखाली झाकून पाच-सहा दिवस आंबवावा लागतो, मध्ये मध्ये फिरवावा लागतो, ढीग आतून गरम होतो. चॉकलेटचा वास जन्मतो तो त्या ढिगात, शेतकऱ्याच्या अंगणात. जगातला अर्ध्याहून जास्त कोको आयव्हरी कोस्ट आणि घाना या दोन देशांतून येतो. बेल्जियमच्या नावाजलेल्या बहुतेक चॉकलेट कारागिरांना बिया दिसतही नाहीत. ते तयार चॉकलेट मोठ्या कारखान्यांतून विकत घेतात आणि आपली कला सारणात आणि आकारात दाखवतात. साब्लाँच्या चौकात दुकान असलेले पिएर मार्कोलिनी यांच्यासारखे थोडेच स्वतः बिया भाजतात. ढिगाजवळ उभं राहून, हात घालून, वास घेऊन आता पुरे म्हणणारा माणूस मात्र कुठल्याच डब्यावर छापलेला नसतो.

हे लेकीनं मला सांगितलं तेव्हा मला भाषांतर करणाऱ्याच्या आवाजात आबाजीच ऐकू येत होते असं म्हटलं तर खोटं होईल. मला राग आला होता. आयुष्यभर आमच्या बगीच्यांत ज्याच्या नाकावर सौदे ठरले, त्या माणसाच्या घराला मी पक्कं छत कधी पाहिलं नाही. ते मला तिथं, परदेशातल्या चढावर, पहिल्यांदा जाणवलं.

साब्लाँच्या चर्चसमोर टोळी बाकांवर बसली. बाई रस्त्यापलीकडच्या किराणा दुकानात गेल्या आणि एक मोठं, जाड सालीचं संत्रं घेऊन आल्या. मग पिशवीतून त्यांनी ओरांजेत काढली, संत्र्याच्या सालीची पट्टी पाकात मुरवून काळ्या चॉकलेटात बुडवलेली. एका हातात संत्रं, एका हातात ती पट्टी. त्यांनी संत्र्यावर अंगठ्याच्या नखानं एकच ओरखडा काढला. आबाजींच्या पद्धतीनं, मी सांगितलं होतं तसाच. माझ्या नाकाजवळ धरला आणि म्हणाल्या, मला त्या बगीच्याचं सांगा, इथल्या संत्र्याचं नको.

मी डोळे मिटले. साल जाड, वेगळी, आमच्यासारखी पातळ, सैल नाही. पण लिंबाच्या सरावामुळे नाकात एक वाट मोकळी झालेली होती, त्या वाटेनं काहीतरी आलं. मी सांगत राहिले. पहाटे दवात बगीचा कसा असतो, ताण तोडून पाणी दिल्यावर पंधरवड्यात फुलोरा कसा येतो, त्या वेळी रस्त्यानं जाणाऱ्या बसमधलेही लोक कसे खिडकीबाहेर तोंड काढतात. बोलता बोलताच त्यांनी पट्टी माझ्या हातात दिली. मी तिचं टोक जिभेवर ठेवलं. आधी तीच ओळखीची घाण आली, मी थुंकणारच होते. बाई म्हणाल्या, थांबा, श्वास सोडा. मी ओठ मिटून नाकानं श्वास सोडला, आणि त्या घाणीच्या मागून संत्र्याचं तेल वर आलं. पूर्ण नाही. पण संत्राच, दुसरं काही नाही. दोन्ही वास काही वेळ एकाच वेळी तिथं होते. मग जिभेवरचं वितळून गेलं आणि सालीचा कडवटपणा राहिला.

मी रडले. टोळीतले लोक गोंधळले, एका म्हाताऱ्या डच गृहस्थांनी मला रुमाल दिला.

यात्रा संपल्यावर बाईंनी आम्हाला सोडलं नाही. जवळच मातोंजे आहे, तिथे जेवायला चला, म्हणाल्या. मातोंजे हा इक्सेल भागातला कांगोच्या लोकांचा मोहल्ला, किन्शासातल्या एका वस्तीचं नाव त्याला पडलं आहे. पोर्त द नामूरजवळच्या चौकाला 2018 मध्ये पात्रीस लुमुम्बा यांचं नाव दिलं. कांगोचे पहिले पंतप्रधान, 1961 मध्ये मारले गेलेले. आम्ही गेलो त्याच वर्षी, 2022 च्या जूनमध्ये, लुमुम्बांचा उरलेला एक दात बेल्जियमनं त्यांच्या घरच्यांना परत केला होता. बाईंचे आजोबा कांगोतल्या मातादी बंदरातले. त्या चौकात त्या क्षणभर थांबल्या, आम्हीही थांबलो. बेल्जियमचा राजा लेओपोल्डच्या काळात रबरासाठी त्या देशात काय झालं ते मी शाळेत शिकवलेलं नव्हतं, आमच्या पुस्तकात ते नव्हतं. बाईंनी थोडक्यात सांगितलं, आवाज न चढवता. मग तळलेली कच्ची केळी आणि मासे खाताना त्या म्हणाल्या की आजोबांनी बंदरात कोकोची पोती वाहिली. चॉकलेट त्यांनी पहिल्यांदा खाल्लं ते नातीकडे आल्यावर, म्हातारपणी. त्यांना ते फार गोड वाटलं.

मी लेकीला सांगितलं, यांना या जादा वेळेचे पैसे दे. बाईंनी घेतले नाहीत. त्याऐवजी त्यांनी एक परवानगी मागितली. तुमच्या आबाजींचा ओरखडा आणि भाकरीचा तुकडा मी माझ्या यात्रेत वापरू का? त्यांचं नाव सांगून? पाव आणि पाणी तर त्या आधीच देत होत्या, तेव्हा त्यांना खरं काय हवं होतं ते मला उमगायला वेळ लागला. त्यांना टोळीला सांगायचं होतं की ही रीत चॉकलेटवाल्यांची नाही. जिथं जिथं कुणी मातीतलं फळ निवडतं तिथं ती आहे. मी हो म्हणाले. ती परवानगी माझी नव्हती, आबाजींची होती, पण द्यायला तिथं मीच होते.

पुढचं वर्ष माझं नाक रेंगाळत सुधारलं. कांदा आता कांदा लागतो, कॉफी अजून पुरती नाही. सुनेच्या ओळखीतले तसेच अडकलेले काही लोक आमच्या ओट्यावर येऊ लागले, मी त्यांना चार बाटल्या देते आणि पाचवं म्हणून मोसमात संत्रा. मी वैद्य नाही, म्हणून आधी डॉक्टरांकडे पाठवते. पण हुंगताना काय आठवायचं, ते मी विचारते. कुणी आईच्या पिठाच्या डब्याचं सांगतं, कुणी पोळ्याच्या बैलाच्या शिंगांना लावलेल्या रंगाचं, आणि एका मुलानं सांगितलं ते पांढुर्णा स्टेशनवर थांबलेल्या मालगाडीचं.

मागच्या दिवाळीत लेकीचा फोन आला. तिच्या प्रयोगशाळेतल्या दोघी जणी ब्रुसेल्सची तीच पदयात्रा करून आल्या होत्या आणि तिला विचारत होत्या, तुमच्या देशात आबाजी कोण होते? वाटाडी बाईंनी साब्लाँच्या चौकात संत्र्यावर ओरखडा काढून सगळ्यांना त्यांची गोष्ट सांगितली होती.

मी त्याच संध्याकाळी आबाजींच्या नातवाकडे गेले. तोही आता बगीचे बघतो, मोटारसायकलवर, मोबाईलवर भाव बघत. क्रेट मोजत होता. मी त्याला सगळं सांगितलं. त्यानं मोजणी थांबवली.

"आबाजी तर नागपूरच्या पुढं गेले नव्हते," तो म्हणाला.

मग थोडा वेळ गप्प राहून त्यानं विचारलं, "ते सालीचं जे बनवतेत, त्याले संत्रा कोणता लागते?"

मी म्हटलं, जाड सालीचा, स्पेनकडचा येतो तिकडे. आपल्या संत्र्याची साल पातळ आणि सैल, पाकात टिकत नाही.

"आंबियाची पातळ," तो म्हणाला. "मृगाची जरा जाड असते. फेब्रुवारीत या, करून पाहू."